चाल : अनसूया

गुलाबरावमामा वारले तेव्हा मी मुंबईत होतो, हातात काम नव्हतं आणि संध्याकाळच्या गाडीचं तिकीटही मिळत होतं. मी गेलो नाही. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढं वाचताना कुणी माझ्याकडून गहिवराची वाट पाहणार नाही. मी आयुष्यभर सिनेमांना पार्श्वसंगीत दिलं, कुठल्या सेकंदाला लोकांना रडू यावं ते ठरवून दिलं. सख्ख्या मामासाठी मात्र डोळ्यांतून टिपूस आला नाही. आईनं त्यावरून वर्षभर माझ्याशी अबोला धरला. तो तिचा भाऊ होता, तिचं बरोबरच होतं. माझंही बरोबर होतं.

कॉलेजसाठी अमरावतीला आलो तो याच मामाकडं, राजापेठेत. आमचं घर चांदूर रेल्वेला. वडील शाळामास्तर, आणि त्यांच्या घरात माझ्या पेटीवाचून कुणाचं काही अडत नव्हतं. मामाचा मात्र ऑर्केस्ट्रा होता. खाली लाउडस्पीकर भाड्यानं देण्याचं दुकान, वर दोन खोल्या आणि मागं स्वयंपाकघर. एका खोलीत मामा, मामी आणि त्यांची लहानगी माया. दुसरीत अ‍ॅकॉर्डियन, बोंगो, दोन ढोलक्या, कर्ण्यांची उतरंड आणि या सगळ्यात अंग चोरून मी. त्या घरात शांतता अशी नव्हतीच. सकाळी सातला खालून मामाचं 'हॅलो, हॅलो, माइक टेस्टिंग' सुरू व्हायचं, ते समोरच्या ट्यूशन क्लासच्या मास्तरानं खिडकीतून शिवी हासडेपर्यंत. अ‍ॅकॉर्डियनचा भाता एका कोपऱ्यात फाटलेला होता, तो वाजता वाजता दम लागल्यासारखा फसफसायचा. मामानं त्याच्यावर सायकलच्या ट्यूबचं ठिगळ लावलं होतं आणि त्या ठिगळाचाही त्याला अभिमान होता. माणूस गळ्याचा गोड होता, हे नाकारत नाही. पण गोड गळ्यापलीकडं त्याच्याकडं काहीही नव्हतं, आणि ते त्याला पक्कं ठाऊक होतं. म्हणून तो सतत मोठ्यानं बोलायचा.

मामाला नोटेशन वाचता येत नव्हतं. लिहिणं तर दूरच. मी आलो आणि त्याची ती अडचण मिटली. रेडिओवर गाणं लागलं की मी कान देऊन सूर उतरवायचे, वहीत लिहायचे आणि ऑर्केस्ट्रातल्या मंडळींना बसवून द्यायचे. त्या वहीची एक रीत होती. प्रत्येक नव्या पानाच्या डोक्यावर आधी 'श्री' आणि त्याखाली 'चाल : गुलाबराव' असं लिहायचं, मगच खाली सा रे ग म. गाणं मुंबईच्या कुठल्याही संगीतकाराचं असो, वर नाव गुलाबरावांचं. पहिल्या दिवशी मी विचारलंही होतं, "मामा, ही चाल तं तुमची नाही ना?" मामा म्हणाला, "घरच्या वहीत घरच्या मोठ्या माणसाचं नाव राह्यते. तुह्या बापानं नाही शिकोलं काय?" शिकवलं होतं. आमच्या घरी लग्नपत्रिकेपासून दारावरच्या पाटीपर्यंत सगळ्यावर आजोबांचंच नाव होतं, ते जाऊन दहा वर्षं झाली तरी. मला त्यात वावगं वाटलं नाही. दोन वर्षांत मी ते नाव इतक्या पानांवर लिहिलं की हात आपोआप लिहायचा, डोकं लागायचं नाही.

मामीबद्दल त्या वेळी मला विचारलं असतं तर सांगण्यासारखं काही नव्हतं. ती स्वयंपाकघरात असायची. सकाळी ज्वारीची भाकर आणि मिरचीचा ठेचा, संध्याकाळी कधी गोळाभात, वर कढत तेलाची फोडणी. उन्हाळा लागला की ती सरगुंड्यांना बसायची. पश्चिम महाराष्ट्रातल्या लोकांना हा प्रकार माहीत नसतो, म्हणून सांगतो. कणकेची बारीक वळी घ्यायची, बोटभर लांबीच्या गवताच्या काडीवर गुंडाळायची, पाटावर तळव्यानं फिरवायची आणि मग काडी अलगद ओढून घ्यायची. मागं राहते कणकेची पोकळ नळी. ती वाळवायची, उकडायची आणि आमरसात बुडवून खायची. शेकड्यांनी करावे लागतात. मामी दुपारभर एकटी करत बसायची, आणि करताना तोंडातल्या तोंडात काहीतरी गुणगुणायची. शब्द नसायचे. मामा आतून खेकसायचा, "अवं, मुकाट्यानं कर ना. इथं प्रॅक्टिस चालू हाय." मग ती गप्प बसायची. थोड्या वेळानं पुन्हा सुरू. मी भिंतीच्या अलीकडं पेटी घेऊन बसलेला असायचो, आणि मलाही त्या गुणगुणण्याचा वैतागच यायचा.

त्याच एका उन्हाळ्यात, दुपारी लाइट गेलेली असताना, मला माझी पहिली चाल सुचली. बोटं पेटीवर फिरत होती आणि चाल आख्खी उतरली. दोन ओळी सरळ, मग तिसरीच्या तोंडाशी ती थांबायची. दीड मात्रा नुसती मोकळी, सूर नाही, काही नाही, आणि मग चाल खाली यायची. ती मोकळी जागा मला फार आवडली. तिच्यामुळं ऐकणाऱ्याचा श्वास अडकत होता. मी दहा वेळा वाजवून पाहिली, वही ओढली, 'श्री' लिहिलं, त्याखाली 'चाल : गुलाबराव' लिहिलं आणि मग चाल लिहिली. नाव लिहून झाल्यावर माझ्या लक्षात आलं. पान फाडावं असं मनात आलं होतं, खोटं कशाला बोलू. पण मामाच्या नावावर काट मारून तिथं आपलं नाव घालायचं म्हणजे आगाऊपणा झाला असता. पान फाडलं असतं तर मामानं पानं मोजली असती. मी वही मिटून ठेवली. त्या वेळी मी वीस वर्षांचा होतो आणि मला वाटत होतं की खरं काय ते सगळ्यांना माहीतच असतं.

त्याच सुमारास अकोल्याला एका सिनेमाचं शूटिंग आलं. कापसाच्या गावाची गोष्ट होती, आणि सिनेमाचे संगीतकार इकडच्या चाली ऐकायला म्हणून गावोगाव फिरत होते. मोठं नाव होतं त्यांचं, इथं लिहीत नाही. आम्ही त्यांना 'मुंबईवाले' म्हणायचो. मामाची आणि त्यांची गाठ कुणीतरी घालून दिली आणि एका दुपारी ते राजापेठेत आले. जिना चढताना त्यांना धाप लागली. मामानं त्यांना लोडाशी बसवलं, दुकानातला टेबलफॅन वर आणून त्यांच्या तोंडासमोर ठेवला. चहा-फराळ झाल्यावर ते म्हणाले, "मला इकडचा एक माणूस सोबत हवा आहे. सहा महिने मुंबईला राहील, माझ्याबरोबर पार्श्वसंगीताचं काम शिकेल. पण स्वतःची चाल असलेला माणूस हवा." त्या खोलीत स्वतःची चाल असलेला माणूस एकच होता. आणि मला त्या घरातून, त्या फसफसणाऱ्या अ‍ॅकॉर्डियनपासून, चांदूर रेल्वेच्या मास्तरकीपासून सुटायचं होतं. तेवढा एकच जिना होता आणि तो माझ्या पायाशी आला होता.

मामानं वही उघडली. पानं उलटत उलटत बरोबर त्या पानावर थांबला. नोटेशन वाचता येत नव्हतं, पण मला ती चाल वाजवताना त्यानं शंभरदा ऐकलं होतं आणि पानाच्या कोपऱ्यात मी काढलेलं चांदणीचं चित्र त्याला ओळखीचं होतं. त्यानं पेटी ओढली आणि गायला लागला. गायला गोडच. मुंबईवाल्यांनी डोळे मिटले. चाल संपल्यावर त्यांनी विचारलं, "कुणाची आहे ही?"

"वरतं लिहून हाय ना," मामा म्हणाला.

"माह्यी हाय," मी म्हणालो.

मामानं माझ्याकडं पाहिलं, आणि त्याला राग आला नाही, हे मला आजही सहन होत नाही. तो हसला. वही माझ्यासमोर धरून म्हणाला, "हे अक्षर कोनाचं हाय, भाच्या?"

"माह्यं."

"आन नाव कोनाचं लिहिलं?"

माझी तळपायाची आग मस्तकात गेली. मी म्हणालो की मामानं चाल चुकीची गायली, तिसऱ्या ओळीच्या तोंडाशी थांबायचं असतं आणि तिथं मामानं मुरकी घुसडली. मुंबईवाल्यांनी डोळे उघडले. मी पेटीवर वाजवून दाखवलं, ती दीड मात्रा मोकळी सोडून. ते सरसावून बसले. "पुन्हा," म्हणाले. मी पुन्हा वाजवलं. मग त्यांनी मला एकच प्रश्न विचारला, "इथं का थांबायचं?"

"चांगलं वाटते म्हणून," एवढं बोललो, आणि ते मलाच किती पोरकट वाटलं.

"पाह्यलं?" मामा त्यांना म्हणाला. "याले मालूमच नाही. पोरगं हाय, म्या शिकोलं ते वाजोते."

मामी तेवढ्यात रिकाम्या बशा न्यायला आली होती. मी तिच्याकडं वळलो. त्या घरात दिवसभर माझी पेटी ऐकणारं दुसरं कोण होतं? मी म्हणालो, "मामी, तूच सांग. तू तं रोज आयकून राह्यली. ही चाल कोनाची हाय, मामाची का माह्यी?"

मामीनं हातातल्या बशा एकावर एक ठेवल्या. माझ्याकडं पाहिलं, मामाकडं पाहिलं. "मले काय समजते गाण्यातलं," ती म्हणाली, आणि आत गेली.

मुंबईवाले मामाला घेऊन गेले. मला म्हणाले, "तूही चांगला आहेस, अजून शिक." मी त्याच संध्याकाळी ट्रंक उचलून चांदूर रेल्वेला परतलो. मामा दीड महिन्यातच परत आला, पडद्यावरचं दृश्य पाहून मोजत वाजवणं त्याला जमेना. पण सिनेमा लागला तेव्हा सुरुवातीच्या पाट्यांवर माझी चाल होती, मोकळी जागा ढोलकीनं भरून टाकलेली, आणि खाली मामाचं नाव. ते नाव पडद्यावर असतानाचा फोटो त्यानं दुकानात लावला होता म्हणे. मी राजापेठेतून जाताना रस्ता बदलायचो. मामावरचा राग मला समजत होता; तो चोर होता, चोरानं चोरी केली. मामीवरचा राग मात्र मुरत गेला. तिला काही मिळणार नव्हतं, काही जाणार नव्हतं, एक शब्द बोलायचा होता. तोही ती बोलली नाही.

दोन वर्षांनी मी आपल्या पायांनी मुंबईला गेलो. पुढचं सगळं दुसरीकडं लिहिलंच आहे : दुसऱ्यांच्या नावाखाली लिहिलेली पार्श्वसंगीतं, स्टुडिओच्या व्हरांड्यात घालवलेले दिवस आणि उशिरा मिळालेलं स्वतःचं नाव. इथं सांगायचं एवढंच की पहिल्या सिनेमापासून मी ती मोकळी जागा वापरत आलो. हट्टानं वापरली. मामानं भरून टाकली होती ना, मग मी प्रत्येक सिनेमात ती उघडी ठेवली. पुढं ती माझी खूण झाली. लोक लिहायला लागले की याच्या संगीतात शांततेला सूर असतो वगैरे. मी मान डोलवायचो. वादक मंडळी तर तिला माझ्या आडनावानंच ओळखायची.

गेल्या दोन-तीन वर्षांतलं शेवटचं मोठं काम मी तुआनबरोबर केलं. तुआन व्हिएतनामचा, माझ्याच वयाचा, तिकडच्या सिनेमांना चाळीस वर्षं संगीत देत आलेला. अर्धा सिनेमा तिकडचा, अर्धा इकडचा, म्हणून आम्ही दोघं एका स्टुडिओत. दोघांचंही इंग्रजी मोडकं, त्यामुळं भांडणं कमी झाली. त्याच्या पहिल्या सिनेमाचं संगीत त्यानं मला ऐकवलं. त्यात एक बासरी होती, दोनच सुरांवर चढणारी आणि अर्ध्यात सोडून देणारी. मी म्हणालो, छान सुचलंय. तो म्हणाला, "सुचलं नाही. ही माझी आत्या. सकाळी गल्लीत भात विकायला यायची, तेव्हा अशी हाक मारायची. सिनेमाच्या पाट्यांवर तिचं नाव टाकायला मी भांडलो होतो. निर्माता म्हणाला, भातवालीचं नाव कशाला? मी म्हणालो, मग संगीतही राहू दे." मग त्यानं माझी मोकळी जागा वाजवली आणि सहज विचारलं, "ही कुणाची?"

माझं डोकंच फिरलं. मी म्हणालो, "माझी आहे, मी कुणाकडून घेतलेली नाही." बोलता बोलता आवाज चढला. त्यानं हात वर केले आणि म्हणाला, "रागावू नकोस. मी एवढंच विचारलं की तिथं का थांबतात." पुन्हा तोच प्रश्न. राजापेठेतल्या त्या दुपारनंतर पहिल्यांदा कुणी विचारला होता, आणि माझ्याकडं अजूनही उत्तर नव्हतं. रात्रभर नाही, पुढचे दोन महिने त्या प्रश्नानं मला छळलं. तुआनवर मी मनातल्या मनात किती चिडलो ते त्याला कधी कळलं नाही. काम संपलं तेव्हा मी ठरवलं की मामी जिवंत आहे तोवर तिला जाऊन विचारायचं, तेव्हा खोटं का बोललीस. भांडायलाच निघालो होतो. तेवढा एकच साक्षीदार उरला होता.

मामी आता अकोल्याला मायाकडं असते, जठारपेठेत. मायाच वयानं साठीकडं झुकलेली, तिनं मला दारातच ओळखलं आणि तोंड वाकडं केलं. "बाबा गेले तवा नाही आले, आता कोनतं काम निंघालं?" म्हणाली. तरी आत घेतलं. मामी खिडकीशी पलंगावर बसली होती. खूप वाळली होती, कान मात्र शाबूत होते. मी खुर्ची ओढली आणि नमस्कार न करता सरळ विचारलं, "मामी, ती चाल कोनाची होती, ते तुले मालूम होतं. मंग तू गप काहून बसली?"

"कोनती चाल?" ती म्हणाली.

मी गुणगुणून दाखवली. आवाज माझाही आता फुटतो. पहिली ओळ झाली, दुसरी सुरू झाली, आणि मामीचे हात मांडीवरून उठले. उजवा तळवा डाव्यावर फिरायला लागला, पाट नसलेल्या पाटावर, कणीक नसलेली कणीक. मी तिसऱ्या ओळीच्या तोंडाशी थांबलो. त्या दीड मात्रेत तिच्या दोन बोटांनी हवेतून काहीतरी अलगद ओढून बाजूला ठेवलं. मग चाल खाली आली, आणि तळवा पुन्हा फिरायला लागला.

मी गुणगुणायचं थांबलो. तिचे हात थांबले नाहीत, आणखी दोन सरगुंडे झाल्यावर थांबले.

"काडी काढाले थांबा लागते," मामी म्हणाली. "नाही तं सरगुंडा फाटते."

मायानं चहा आणून ठेवला, त्याच्यावर साय आली. शेवटी मी विचारलं, आणि विचारताना आवाजात तोच जुना राग होता, लाज वाटते सांगायला, "मंग तवाच काहून नाही सांगतलं?"

"तू काय इचारलं होतं? मामाची का माह्यी. दोनच नावं होती तुह्या तोंडात. तिसरं होतं काय?" तिच्या बोलण्यात रडणं नव्हतं, रुसणं नव्हतं. भाजीवालीशी बोलावं तसं सरळ बोलत होती. "म्या म्हनलं, गाण्यातलं मले काय समजते. खरंच होतं. म्या कुठं गाणं म्हनत होती? म्या सरगुंडे करत होती. गाणं तं तुमी दोघायनं केलं. तो एक चोट्टा आन तू एक चोट्टा. तो बापडा एकडाव चोरून बसला, तू जलमभर चोरत राह्यला."

माया खुदकन हसली. मला हसू आलं नाही. इतकी वर्षं मामाला वाहिलेली एकेक शिवी उलट फिरून माझ्या अंगावर येत होती, आणि एकही परतवता येत नव्हती. मामावरचा राग गेला असं म्हणत नाही, तो जाणार नाही. पण त्याच्या शेजारी आता मलाही बसावं लागतं, आणि त्या माणसाच्या शेजारी बसणं यापरती शिक्षा मला दुसरी नव्हती.

आठवणींची ही वही माझ्याकडं त्या दिवशीही पिशवीत होती. मी ती काढली आणि म्हणालो, "मामी, पुस्तक लिहून राह्यलो. त्याच्यात तुह्यं नाव लिहितो."

"कुठं लिहिशीन?"

"चालीचं सांगीन तिथं."

"तिथं नोको. तुह्या मामाच्या खाली नोको, तुह्या खाली बी नोको." तिनं पानाच्या डोक्यावर बोट टेकवलं. "वरतं लिही."

मी पेन उघडलं आणि अडलो. ती माझ्यासाठी जन्मभर मामी होती. लग्नपत्रिकेतलं शकुंतला तेवढं आठवत होतं, तेच लिहायला घेतलं.

"ते लग्नात यायनं ठेवलं," ती म्हणाली. "अनसूया लिही. माह्या बापानं ठेवलेलं."

मी लिहिलं. तिनं वही माझ्या हातातून घेतली आणि मायाकडं दिली. माझ्यावर तिचा भरवसा नव्हता, आणि असायचं काही कारणही नव्हतं. "वाच वं माया, काय लिहिलं यानं."

"चाल, अनसूया," मायानं वाचलं.

"आन खाली?"

"खाली काहीच नाही. कोरं हाय."

"मंग ठीक हाय," मामी म्हणाली, आणि तिनं चहाचा कप पुढं ओढला.